‘दडवलेला इतिहास’ सांगणारा माहितीपट समोर आला, तर तो कसा तपासायचा

हिटलर खरं तर शांतताप्रेमी होता, महायुद्ध दुसऱ्यांनीच पेटवलं आणि ज्यूंचा संहार ही युद्धानंतर रचलेली कहाणी आहे, असं सांगणारे माहितीपट आता मराठी घरांतल्या मोबाइलवरही पोहोचतात. कधी तीन-तीन, चार-चार तासांचा अख्खा चित्रपट येतो, पण बहुतेक वेळा त्यातून कापलेला दीड मिनिटाचा तुकडा येतो, ‘हे तुम्हाला शाळेत शिकवलं नाही’ अशा मथळ्याखाली. युनेस्को आणि संयुक्त राष्ट्रसंघाने २०२२ साली एक पाहणी प्रसिद्ध केली. टेलिग्रामवर या संहाराविषयी जो सार्वजनिक मजकूर तपासला गेला, त्यातला जवळपास निम्मा एकतर संहार नाकारणारा किंवा विपर्यस्त होता.

या लेखात मी त्या माहितीपटांची नावं देणार नाही. नाव दिलं की शोधलं जातं, शोधलं की पाहिलं जातं, आणि त्यांना तेवढंच हवं असतं. शिवाय नावं बदलली तरी दावे तेच राहतात. त्यामुळे दावा कसा पकडायचा हे एकदा हाताला बसलं, की पुढचा कुठलाही चित्रपट तपासता येतो. घरातल्या मुलाने असा व्हिडिओ पाहिला असेल, वर्गात कुणी प्रश्न विचारला असेल किंवा आपल्याच मनात शंका आली असेल, तर त्यासाठी हे लिहिलं आहे. शंका येण्यात काही चूक नाही. ती तपासून पाहायची, एवढंच.

सुरुवातीलाच स्पष्ट सांगतो. नाझी जर्मनीने आणि तिच्या साथीदारांनी सुमारे ६० लाख ज्यू माणसं मारली. रोमा लोक, अपंग आणि मनोरुग्ण, पोलिश नागरिक, लाखो सोव्हिएत युद्धकैदी यांचे बळी वेगळेच. हे मारेकऱ्यांच्याच कागदांतून, वाचलेल्यांच्या साक्षींतून, जनगणनांतून आणि जमिनीतून निघालेल्या अवशेषांतून सिद्ध झालेलं आहे. याला दोन बाजू नाहीत.

आधी बांधणी ओळखा

असा माहितीपट संहार नाकारत सुरू होत नाही. पहिला तास तो बहुतांशी खरं बोलतो. १९१९चा व्हर्सायचा तह, १९२३ची महागाई, १९३२च्या सुमारास जर्मनीत असलेले साठेक लाख बेकार, पहिल्या महायुद्धातल्या ब्रिटिश नाकेबंदीने केलेली उपासमार. यातलं काहीही खोटं नाही. संथ आवाज, उदास संगीत, कृष्णधवल चित्रं, आणि पाहणाऱ्याच्या मनात जर्मन माणसाबद्दल कणव. ती कणव रास्तच आहे. मग हिटलर येतो, मुलांच्या गालाला हात लावतो, रस्ते बांधतो. (वाहनांसाठीचा कोलोन ते बॉन हा महामार्ग ऑगस्ट १९३२मध्ये खुला झाला, म्हणजे हिटलर सत्तेवर येण्याच्या आधी. हे मात्र तिथे येत नाही.) तिसऱ्या टप्प्यात ‘हे सगळं कुणी बिघडवलं’ या प्रश्नाचं बोट ज्यूंकडे वळतं. चौथ्यात ड्रेसडेन या जर्मन शहरावरचे बॉम्बहल्ले आणि चर्चिल. आणि शेवटच्या तासात, जेव्हा पाहणाऱ्याची सहानुभूती पुरती एका बाजूला गेलेली असते, तेव्हा छळछावण्यांचा विषय निघतो: ‘आता तुम्हीच विचार करा, हे तरी खरं असेल का?’

हा क्रम लक्षात ठेवा. शेवटचा दावा पुराव्यावर उभा नसतो, आधीच्या तीन तासांच्या भावनेवर उभा असतो.

आणखी एक गोष्ट. या चित्रपटांतली जयजयकार करणारी गर्दी, हसरी मुलं, लखलखीत संचलनं बहुतांशी नाझी प्रचारखात्याच्याच कॅमेऱ्यांनी टिपलेली आहेत. माहितीपट हे हत्यार त्यांनीही वापरलं होतं. फ्रिट्झ हिप्लरने १९४०मध्ये काढलेल्या ‘चिरंतन ज्यू’ या चित्रपटाने पोलंडमधल्या कोंडलेल्या, उपाशी ज्यूंचं चित्रण ‘हे लोक मुळातच असे घाणेरडे राहतात’ म्हणून दाखवलं आणि त्याला उंदरांच्या दृश्यांची जोड दिली. ज्यांनी त्यांना कोंडलं, त्यांनीच चित्रण केलं. आजचे चित्रपट तीच रिळं उचलतात आणि त्यांना ‘दुर्मिळ चित्रण’ म्हणतात.

पहिली पायरी: थांबवा आणि एक दावा लिहून काढा

वही घ्या. व्हिडिओ थांबवा. ज्या वाक्याने तुम्ही चमकलात ते आणि त्याची वेळ लिहा. मग ते वाक्य तपासता येतं का ते बघा. ‘जगाने सत्य लपवलं’ हे तपासता येत नाही. ‘रेड क्रॉसच्या मोजणीत छावण्यांतले मृत्यू पावणेतीन लाखच निघाले’ हे येतं, कारण त्यात संस्था आहे, आकडा आहे आणि कुठला तरी कागद असला पाहिजे.

हे चित्रपट वेगावर चालतात. तासाभरात पन्नास दावे फेकायला काही लागत नाही, पण एकेकाचं उत्तर शोधायला संध्याकाळ जाते. त्यामुळे सगळ्यांच्या मागे लागू नका. तीनच निवडा: एक चित्र, एक कागद, एक आकडा. निवडताना सर्वांत पोकळ दावा घेऊ नका. तुम्हाला स्वतःला सर्वांत पटलेला घ्या. तोच फुटला तर बाकीच्यांसाठी वेळ घालवण्याची गरज उरत नाही.

दुसरी पायरी: चित्र कुणी काढलं?

छावणीत फुटबॉलचा सामना चालू आहे, प्रेक्षक टाळ्या वाजवताहेत, बाया शिवणकाम करताहेत, मुलं पावाचे तुकडे खाताहेत. ‘याला तुम्ही मृत्युछावणी म्हणता?’ असा प्रश्न वरून ऐकू येतो. हे दृश्य जवळपास प्रत्येक नकारवादी चित्रपटात असतं.

हे चित्रण टेरेझिनचं आहे. प्रागच्या उत्तरेला असलेलं हे तटबंदीचं गाव नाझींनी ज्यूंना कोंडण्यासाठी वापरलं. २३ जून १९४४ रोजी रेड क्रॉसचं शिष्टमंडळ तिथे येणार होतं. त्याआधी घरांना रंग दिला गेला, बागा लावल्या, खोटी दुकानं थाटली. गर्दी दिसू नये म्हणून मे महिन्यात सुमारे साडेसात हजार माणसं पोलंडमधल्या आउश्वित्झच्या मृत्युछावणीत पाठवली गेली. पाहुणे सजावट बघून गेले. ती सजावट अजून शाबूत असतानाच, ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये, तिथे चित्रीकरण झालं. दिग्दर्शनाला जुंपलं कुर्ट गेरॉन यांना. ते बर्लिनचे नावाजलेले नट आणि दिग्दर्शक होते, आणि तिथे कैदी होते. चित्रीकरण संपल्यावर सप्टेंबरअखेरपासून महिनाभरात तिथून १८ हजारांहून जास्त माणसं आउश्वित्झला रवाना झाली. पडद्यावर दिसलेले कितीतरी चेहरे त्यांत होते. २८ ऑक्टोबरच्या शेवटच्या गाडीत गेरॉन होते. त्यांना तिथे मारण्यात आलं.

आता तो फुटबॉलचा सामना पुन्हा बघा. चित्र खरंच आहे. ते कुणी, कधी आणि कशासाठी काढलं, एवढंच त्यातून कापलेलं आहे.

करायचं काय? दृश्याचा स्क्रीनशॉट घ्या आणि गूगल लेन्स किंवा टिनआय यांसारख्या उलट चित्रशोधाला द्या. एक नाही, त्याच प्रसंगाची तीन-चार दृश्यं द्या, कारण कापलेली किंवा आरशासारखी उलटवलेली चित्रं चटकन सापडत नाहीत. मग संग्रहालयाच्या किंवा अभिलेखागाराच्या पानावरची ओळ वाचा: चित्रण कुणाचं, तारीख कुठली, ठिकाण कुठलं. यातलं काहीच चित्रपटात सांगितलेलं नसेल तर ते मुद्दाम सांगितलेलं नाही असं धरून चाला.

आउश्वित्झचा ‘पोहण्याचा तलाव’ याच जातीचा. तो मुख्य छावणीत आजही आहे. आग लागली तर पाणी असावं म्हणून केलेला तो हौद होता. काही मोजक्या कैद्यांनी त्यात पोहल्याच्या आठवणीही आहेत. पण गॅसने माणसं मारण्याचं मुख्य ठिकाण तिथून तीनेक किलोमीटरवरच्या बिर्केनाऊला होतं, आणि ज्यांना गाडीतून उतरवून थेट तिकडे नेलं त्यांच्या नशिबी छावणीतलं एक दिवसाचंही आयुष्य नव्हतं. बर्गेन-बेल्सेनमधले प्रेतांचे ढीग दाखवून ‘हे तर टायफसने मेले’ म्हणणारेही भेटतील. हो, तिथे बहुतेक माणसं टायफस आणि उपासमारीनेच मेली. बेल्सेनला गॅस चेंबर होतं असं इतिहासकार म्हणतच नाहीत. न केलेला दावा खोडून काढायचा आणि केलेला दावा खोडल्याचा आव आणायचा, ही युक्ती या चित्रपटांत वारंवार दिसेल.

तिसरी पायरी: कागदाचं पूर्ण पान मिळवा

२४ मार्च १९३३च्या ‘डेली एक्सप्रेस’ या लंडनच्या वर्तमानपत्राचा मथळा पडद्यावर झळकतो: ज्यूंनी जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारलं. मथळा अस्सल आहे. त्यावरून निष्कर्ष असा काढला जातो की सुरुवात ज्यूंनी केली, जर्मनीने फक्त प्रतिकार केला.

अशा वेळी तारखांची एक उभी पट्टी काढा. ३० जानेवारी १९३३: हिटलर चॅन्सेलर, म्हणजे सरकारप्रमुख. मार्चमध्ये रस्त्यांवर तपकिरी डगलेवाल्या नाझी टोळ्यांची मारहाण, ज्यू वकील-न्यायाधीशांना न्यायालयांतून हुसकावणं. २२ मार्च: डाखाऊची छळछावणी सुरू. २३ मार्च: संसदेचे अधिकार हिटलरच्या हाती देणारा कायदा. २४ मार्च: हा मथळा. १ एप्रिल: ज्यू दुकानांवर सरकारी आशीर्वादाने बहिष्कार. मथळ्याखालची बातमी काय होती? या मारहाणीच्या निषेधार्थ इतर देशांतले ज्यू जर्मन मालावर बहिष्कार टाकण्याची भाषा करत होते, याची. त्यांच्याकडे राज्य नव्हतं, सैन्य नव्हतं. खुद्द जर्मनीत ज्यूंची वस्ती एक टक्क्याहूनही कमी होती. परदेशी कापडाच्या होळीला ‘युद्ध’ म्हणून कुणी इंग्रजांच्या गोळीबाराचं समर्थन केलं, तर आपण ऐकून घेऊ का?

ॲन फ्रँकची डायरी मराठीत पिढ्यान्‌पिढ्या वाचली गेली आहे, म्हणून तिच्यावरचा आरोपही इथे घेतो. ‘डायरी बॉलपेनने लिहिलेली आहे, आणि बॉलपेन युद्धानंतर आलं.’ या आरोपाचं मूळ जर्मन गुन्हे-अन्वेषण खात्याच्या १९८०च्या एका छोट्या अहवालात आहे. त्यात काही पानांवर बॉलपेनच्या दुरुस्त्या असल्याचं मोघम म्हटलं होतं. प्रत्यक्षात बॉलपेनचा मजकूर निघाला तो डायरीच्या कागदांत सापडलेल्या दोन सुट्या चिठ्ठ्यांवर, आणि त्या पुढे हस्ताक्षर तपासणाऱ्या व्यक्तीच्या होत्या. नेदरलँड्सच्या सरकारी प्रयोगशाळेने कागद, शाई, डिंक आणि हस्ताक्षर यांची कसून तपासणी केली आणि ती १९८६च्या चिकित्सक आवृत्तीत छापली गेली. त्या जर्मन खात्यानेही २००६मध्ये सांगितलं की आपल्या अहवालाचा आधार घेऊन डायरीच्या अस्सलपणावर शंका घेता येणार नाही. चित्रपट १९८०वर थांबतो. पुढची सव्वीस वर्षं शोधणं आपल्यावर सोडलेलं असतं.

चौथी पायरी: आकड्यात नेमकं काय मोजलं आहे?

ड्रेसडेनपासून सुरुवात करू. १३ ते १५ फेब्रुवारी १९४५ला ब्रिटिश आणि अमेरिकन विमानांनी हे शहर जाळलं. दोन लाख, अडीच लाख माणसं मेली असं हे चित्रपट सांगतात, आणि त्यासाठी ‘दैनिक आदेश क्रमांक ४७’ नावाचा जर्मन पोलिसांचा दस्त दाखवतात. त्यात मृतांचा आकडा २,०२,०४० आहे. पुढे अस्सल आदेशाची नक्कल मिळाली. मूळ आकडा २०,२०४ होता. शेवटी एक शून्य चिकटवलं होतं. ड्रेसडेन शहराने नेमलेल्या इतिहासकारांच्या आयोगाने अनेक वर्षं स्मशानांच्या, नगरपालिकेच्या आणि पोलिसांच्या नोंदी चाळून २०१०मध्ये सांगितलं की बळी जास्तीत जास्त २५ हजार होते. पंचवीस हजार माणसं जळून मरणं भयानकच आहे. ते मोठं दाखवण्यामागे मेलेल्यांबद्दलची कणव नाही. आउश्वित्झच्या समोरच्या पारड्यात टाकायला एक वजन हवं आहे.

आता तो रेड क्रॉसचा ‘पावणेतीन लाख’. आकडा खरा आहे, पण मोजणी वेगळ्या गोष्टीची आहे. युद्धानंतर जर्मनीतल्या आरोल्सेन गावात बेपत्ता माणसांचा शोध घेणारं केंद्र उभं राहिलं, जे पुढे रेड क्रॉसने चालवलं. तिथल्या निबंधक कार्यालयाकडे नातेवाईक अर्ज करत. कागदोपत्री पुरावा सापडला तर मृत्यूचा दाखला मिळे. पावणेतीन लाख हे त्या दाखल्यांची बेरीज आहे. ज्या कुटुंबातलं कुणीच उरलं नाही त्यांच्यासाठी अर्ज कोण करणार? ज्यांना गाडीतून उतरवून नाव-नंबर न टिपता थेट गॅस चेंबरमध्ये नेलं, त्यांचा कागद कुठून येणार? रेड क्रॉसने हा आकडा एकूण बळींचा नाही असं अनेकदा सांगितलं आहे.

तिसरा दावा सगळ्यांत चलाख आहे. आउश्वित्झच्या स्मारकावर पूर्वी ‘चाळीस लाख’ लिहिलेलं होतं. १९९०च्या सुमारास ती पाटी काढली गेली. आज संग्रहालय सुमारे ११ लाख सांगतं, त्यांत जवळपास १० लाख ज्यू. ‘मग ६० लाखांतून तीस लाख वजा का झाले नाहीत?’ ऐकताना बिनतोड वाटतं. पण चाळीस लाख हा १९४५च्या सोव्हिएत आयोगाचा अंदाज होता, तोही प्रेतं जाळण्याच्या भट्ट्यांच्या क्षमतेवरून बांधलेला, आणि तो फक्त ज्यूंचा नव्हताच. पश्चिमेकडच्या इतिहासकारांनी एकूण बेरजेत तो कधी धरला नाही. इतिहासकार राउल हिलबर्ग यांनी १९६१मध्ये एकूण ५१ लाख ज्यू बळी मोजले तेव्हा आउश्वित्झचे १० लाखच धरले होते. बेरजेत जे नव्हतंच ते वजा कशातून करायचं? पाटी बदलली ती संग्रहालयाचे इतिहासकार फ्रान्सिशेक पीपर यांनी गाड्यांच्या आणि हद्दपारीच्या नोंदी लावून केलेल्या कामामुळे. इतिहासाने स्वतःची चूक दुरुस्त केली, आणि हे लोक तिलाच लबाडीचा पुरावा म्हणून दाखवतात.

पाचवी पायरी: ‘शास्त्रीय’ पुरावा आला की नमुना कसा घेतला ते विचारा

१९८८मध्ये टोरांटोला एर्न्स्ट झुंडेल या नकारवादी प्रकाशकावर खटला चालू होता. त्याच्या बचावासाठी फ्रेड लॉइख्टर नावाच्या अमेरिकन माणसाला पोलंडला पाठवलं गेलं. त्याने आउश्वित्झच्या आणि बिर्केनाऊच्या भिंतींचे तुकडे परवानगीशिवाय छिन्नीने काढून आणले आणि अमेरिकेतल्या प्रयोगशाळेत दिले. मारायला वापरलेल्या वायूतल्या सायनाइडचे अंश जवळपास मिळाले नाहीत, म्हणून इथे गॅस चेंबर नव्हतं, असा त्याचा अहवाल. पस्तीसहून जास्त वर्षं झाली, तरी चित्रपट याच अहवालावर जगताहेत.

विचारायचे प्रश्न साधे आहेत. माणूस कोण? इतिहास विषयाचा पदवीधर. आपण परवानाधारक अभियंता नसल्याचं त्याने १९९१मध्ये मॅसॅच्युसेट्समध्ये लेखी मान्य केलं. नमुना कसा घेतला? सायनाइडची अभिक्रिया भिंतीच्या अगदी वरच्या थरात, केसाच्या जाडीहून कमी खोलीत होते. त्याने विटांचे जाड तुकडे आणले. प्रयोगशाळेला काय शोधायचं ते माहीत नव्हतं, त्यांनी ते तुकडे कुटून तपासले. म्हणजे वरच्या थराचा अंश आतल्या सगळ्या विटेत पातळ झाला. हे त्या प्रयोगशाळेच्या रसायनतज्ज्ञानेच नंतर सांगितलं. कशाशी तुलना केली? कपड्यांतल्या उवा मारण्याच्या खोल्यांशी, जिथे निळे डाग आजही दिसतात. पण उवा मारायला माणसापेक्षा कितीतरी जास्त तीव्रतेचा वायू कितीतरी जास्त वेळ लागतो. शिवाय बिर्केनाऊची गॅस चेंबर नाझींनीच सुरुंगाने उडवलेली, चाळीस वर्षं पावसात पडलेली. क्राकावच्या न्यायवैद्यक संस्थेने योग्य पद्धतीने नमुने घेऊन १९९४मध्ये निष्कर्ष छापले: गॅस चेंबरच्या अवशेषांत सायनाइडची संयुगं मिळाली, कैद्यांच्या राहण्याच्या बराकींत मिळाली नाहीत.

याच अहवालाने भारावलेल्या डेव्हिड आयर्व्हिंग या इंग्रज लेखकाने अमेरिकन इतिहासकार डेबोरा लिपस्टाट यांच्यावर बदनामीचा दावा लावला. लंडनच्या न्यायालयात २०००मध्ये सुमारे दोन महिने पुराव्यांची छाननी झाली. न्यायमूर्ती चार्ल्स ग्रे यांनी ११ एप्रिल २००० रोजी निकाल दिला: आयर्व्हिंगने ऐतिहासिक पुरावा जाणूनबुजून वाकवला, तो संहार नाकारणारा आहे, ज्यूद्वेष्टा आहे. निकालपत्र इंटरनेटवर मोफत वाचायला मिळतं. इंग्रजी जमत असेल तर कुठल्याही व्हिडिओआधी ते वाचा.

सहावी पायरी: ‘हिटलरचा हुकूम दाखवा’

हिटलरच्या सहीचा ‘सगळ्या ज्यूंना मारा’ असा एकही कागद मिळालेला नाही. हे खरं आहे आणि ते मान्य करूनच पुढे बोला. काय मिळालं आहे ते मात्र सांगा.

नाझींच्या एसएस या सशस्त्र दलाचा प्रमुख हिमलर याचा २९ डिसेंबर १९४२चा अहवाल क्रमांक ५१. हिटलरला वाचायला सोपं जावं म्हणून मोठ्या अक्षरांत टंकलेला, आणि त्याच्यापुढे ठेवल्याची नोंद असलेला. ऑगस्ट ते नोव्हेंबर या चार महिन्यांत पूर्वेकडच्या प्रदेशात देहान्त दिलेले ज्यू: ३,६३,२११. हिमलरचं ४ ऑक्टोबर १९४३चं पोझनान इथलं भाषण, ज्यात तो एसएसच्या अधिकाऱ्यांपुढे ज्यूंच्या निर्मूलनाबद्दल उघड बोलतो. त्याचं ध्वनिमुद्रण आहे. किएव्हजवळच्या बाबिन यारला २९ आणि ३० सप्टेंबर १९४१ या दोन दिवसांत ३३,७७१ ज्यू मारल्याचा मारणाऱ्यांचाच अहवाल. ज्यूंच्या संहाराची आखणी करणाऱ्या २० जानेवारी १९४२च्या वान्झे बैठकीचं टिपण, ज्यात देशवार ज्यूंची यादी आहे.

आणि एक तार, जी मला या सगळ्यांत सर्वांत बोलकी वाटते. ११ जानेवारी १९४३ रोजी लुब्लिनहून हेर्मान हॉफ्ले या एसएस अधिकाऱ्याने ज्यूंच्या हद्दपारीचं काम बघणाऱ्या आइकमनच्या बर्लिन कार्यालयाला सांकेतिक संदेश पाठवला. तो इंग्रजांनी पकडला आणि उलगडला, पण नुसत्या आद्याक्षरांपुढच्या आकड्यांचा अर्थ कुणाला लागला नाही. कागद फायलीत गेला. २०००मध्ये लंडनच्या अभिलेखागारात तो इतिहासकारांच्या हाती आला. एल, बी, एस आणि टी, म्हणजे लुब्लिनची मायदानेक, बेव्झेट्स, सोबिबोर आणि ट्रेब्लिंका. १९४२अखेर तिथे आलेल्यांची बेरीज: १२,७४,१६६. हिमलरचा संख्याशास्त्रज्ञ कोर्हेर याने १९४३मध्ये केलेला एक गोपनीय अहवाल न्यूरेंबर्गच्या युद्धगुन्हे खटल्यांच्या काळापासून माहीत होता. त्यात पोलंडमधल्या छावण्यांतून ‘पार केलेल्या’ ज्यूंचा आकडा आहे. तोही १२,७४,१६६. शेवटच्या अंकापर्यंत तोच. एक कागद जर्मनांच्या दप्तरातला, दुसरा इंग्रजांच्या फायलीत सत्तावन्न वर्षं पडून राहिलेला. कुणी बनावट केली असेल, तर ती अर्धशतक कुणाला न दाखवता कशासाठी लपवून ठेवली असती?

सातवी पायरी: दोस्त राष्ट्रांचे खरे गुन्हे मान्य करा

इथे भारतीय माणूस सर्वांत सहज अडकतो, म्हणून जरा सविस्तर. चर्चिलबद्दल आपल्या मनात राग आहे आणि तो असायलाच हवा. १९४३च्या बंगालच्या दुष्काळात तीसेक लाख माणसं मेली. हे चित्रपट त्या रागावर स्वार होतात: चर्चिल दुष्ट, म्हणून त्याचा शत्रू चांगला. नेताजींचा फोटो हिटलरसोबत दाखवला की काम झालं. ती भेट मे १९४२मध्ये झाली, पण भारतीय स्वातंत्र्याला जाहीर पाठिंबा द्यायची हिटलरची तयारी नव्हती. भारत इंग्रजांच्याच हाती असलेला बरा, हे तर त्याने आपल्या पुस्तकात आधीच लिहून ठेवलं होतं. आपल्या शहरांत फुटपाथवर ते पुस्तक ‘व्यवस्थापन’ आणि ‘व्यक्तिमत्त्व विकास’ यांच्या शेजारी विकलं जातं, ते विकत घेणारे ते पान क्वचितच वाचतात. खारघरला २००६मध्ये हिटलरच्या नावाने उपाहारगृह उघडलं होतं. मुंबईच्या ज्यू समाजाने निषेध केल्यावर ते नाव बदललं. आपल्याकडे हे बहुतेक वेळा अज्ञानातून होतं, पण असे चित्रपट त्या अज्ञानाचं मतात रूपांतर करतात.

रशियातल्या कॅटिनच्या जंगलातल्या हत्याकांडाचंही तसंच. १९४०मध्ये स्टॅलिनच्या पोलिसांनी सुमारे २२ हजार पोलिश अधिकारी आणि सुशिक्षित माणसं गोळ्या घालून मारली. एप्रिल १९४३मध्ये जर्मनांनी ती थडगी जगासमोर आणली, सोव्हिएत सरकारने उलट जर्मनांवर आळ घेतला आणि १९९०पर्यंत खरं कबूल केलं नाही. चित्रपट म्हणतो: बघा, नाझी प्रचारमंत्री गोबेल्स खरं बोलत होता, म्हणजे बाकीचंही दोस्तांनीच रचलं. कोल्हापूरकरांना याचा दुसरा अर्धा भाग माहीत असायला हवा. वळिवडेच्या छावणीत १९४३पासून जे पाचेक हजार पोलिश लोक राहिले, ती स्टॅलिनने सायबेरिया आणि कझाकस्तानात हाकललेली कुटुंबं होती, बहुतेक बायका आणि मुलं. सोव्हिएत जुलूम खरा, हे सांगणारी माणसं आपल्या जिल्ह्यात राहून गेली. आणि त्याच काळात त्यांच्याच मायदेशात ट्रेब्लिंका चालू होतं. एक गुन्हा दुसऱ्याची साक्ष खोडत नाही.

नाझी जर्मनीशी आपलं भांडण नव्हतं असं कुणी म्हणालं, तर त्याला इटलीच्या लढाईत जर्मनांशी लढताना जुलै १९४४मध्ये धारातीर्थी पडलेले रायगडचे नाईक यशवंत घाडगे आणि एप्रिल १९४५मध्ये सेनिओ नदीवर जखमी सोबत्यांना वाचवणारे नगर जिल्ह्यातले शिपाई नामदेव जाधव यांची नावं सांगा. दोघेही मराठा पलटणीचे, दोघांनाही व्हिक्टोरिया क्रॉस. आणि ज्यूंबद्दल ‘ते परके लोक’ असं कुणी म्हणालं, तर त्याच रायगडच्या किनाऱ्यावर शतकानुशतकं मराठी बोलत राहिलेल्या बेने इस्रायली कुटुंबांची आठवण द्या.

आठवी पायरी: ज्याने पाठवला त्याच्याशी बोलणं

ग्रुपवर भांडू नका. चारचौघांत चूक दाखवली की माणूस दाव्यापेक्षा आपली लाज सांभाळतो. एकट्याला फोन करा. ‘काका, तुम्ही पाठवलेल्या त्या व्हिडिओतला फुटबॉलचा भाग मी शोधून पाहिला. त्याचं पुढे काय झालं ते सांगू का?’ एवढी सुरुवात पुरते. ‘तुम्ही नाझी झालात का’ असं म्हणालात तर संवाद तिथेच संपला. भाचा-पुतण्या असेल तर त्याच्याच हातात मोबाइल देऊन त्यालाच दृश्य शोधायला लावा. स्वतः शोधलेलं उत्तर त्याच्याजवळ राहतं, आणि आपल्याला कुणीतरी फसवत होतं याचा राग योग्य दिशेने जातो. एका बैठकीत एकच दावा घ्या. तो विषय बदलून दुसऱ्या दाव्यावर उडी मारेल. तेव्हा शांतपणे म्हणा, ‘आधी हा संपवू या.’

तपासायला कुठे जायचं तेही त्याला दाखवा. आरोल्सेनचा संग्रह ऑनलाइन उघडता येतो आणि छावण्यांची मूळ कार्डं त्यात दिसतात. जेरुसलेमच्या याद वाशेम या संहार-स्मारकाच्या सूचीत ४८ लाखांहून जास्त बळींची नावं आहेत, गावानुसार शोधता येतात. वॉशिंग्टनच्या संहार-स्मृती संग्रहालयाचा ज्ञानकोश हिंदीतही वाचता येतो. आउश्वित्झ संग्रहालयाच्या संकेतस्थळावर नकारवाद्यांच्या ठरावीक दाव्यांना वेगळी उत्तरं आहेत.

दुवा मात्र टीका करायलाही पुढे पाठवू नका. दाखवायचाच असेल तर स्क्रीनशॉट पाठवा, त्यावर मोठ्या अक्षरांत ‘खोटं’ लिहून. यूट्यूबने २०१९पासून आणि फेसबुकने ऑक्टोबर २०२०पासून संहार नाकारणारा मजकूर नियमाने बंद केला आहे, तेव्हा व्हिडिओखालच्या तीन टिंबांतून ‘तक्रार करा’, मग ‘द्वेषपूर्ण मजकूर’ निवडा आणि नेमकी वेळ लिहा. तपासणीसाठी तुम्ही तो व्हिडिओ स्वतःच्या खात्यावरून पाहिला असेल, तर पाहिलेल्यांच्या यादीतून तो पुसून टाका, नाहीतर तसलेच आणखी पुढे येत राहतील. घरात एकच टॅब मुलं आणि मोठे मिळून वापरत असतील, तर हे त्याच रात्री करा.